अंधार पडला की तोल का जातो?

"डागदर साहेब, म्या माळकरी माणूस. गळ्यात तुळशीची माळ हाय, दारूला कधी शिवलो न्हाई. आन् गावातले लोक म्हणतेत, म्हातारा पिऊन यायलाय!"

कंधार तालुक्यातील एका खेड्यातून नांदेडला आलेले सत्तरीतले बाबा हे सांगताना अगदी रडवेले झाले होते. वर्षभरापासून त्यांचा तोल जात होता. दिंडीतून पंढरपूरला पायी जाणे त्यांनी सोडले होते. पहिल्या भेटीत मीही "वय झालं बाबा, आता जपून चालायचं" असे सांगून शक्तीच्या गोळ्या लिहून दिल्या होत्या. महिनाभराने ते पुन्हा आले, तेव्हा कपाळावर चार टाके पडलेले होते. या वेळी मुलगा सोबत होता. तो सहज म्हणाला, "दिवसा ठीक असतेत. लाईट गेली की पडतेत. सकाळी तोंड धुतानाबी एकदा पडले."

या वाक्याने माझे डोळे उघडले. त्याचा अर्थ समजण्यासाठी आपण उभे कसे राहतो ते आधी पाहू.

उभे राहणे सोपे नाही

एप्रिल २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, तो उन्हाळा वाचकांना आठवत असेल. त्या काळात डोक्यावर दोन घागरी, कडेवर तिसरी घेऊन चालणाऱ्या बायका आपण सर्वांनीच पाहिल्या. घागरीतील पाणी हिंदकळते, वाट खडबडीत असते, तरी मान हलत नाही. ही कसरत मज्जासंस्था करते.

खरे तर नुसते उभे राहणे हीसुद्धा कसरतच आहे. आपल्या शरीराचा गुरुत्वमध्य बेंबीच्या थोडा खाली असतो आणि त्याला आधार फक्त दोन पावलांचा. त्यामुळे आपण कधीच पूर्ण स्थिर नसतो. सतत किंचित पुढे-मागे झुलत असतो आणि पोटरीचे, मांडीचे, पाठीचे स्नायू ते झुलणे सावरत असतात. समोरची घागर उचलायला हात पुढे करण्याआधीच पाय आणि पाठीचे स्नायू आवळले जातात. तोल जाणार हे मेंदूला आधीच ठाऊक असते!

तीन बातमीदार

मेंदूला तोलाची खबर देणारे तीन बातमीदार आहेत.

पहिला, डोळे. क्षितिज, भिंत, दाराची चौकट पाहून मेंदू उभे-आडवे ठरवतो.

दुसरा, आतला कान. कान केवळ ऐकण्यासाठी नसतो. आतल्या भागात द्रवाने भरलेल्या तीन अर्धवर्तुळाकार नलिका असतात. डोके फिरले की द्रव हलतो आणि सूक्ष्म केसांच्या पेशींमार्फत मेंदूला निरोप जातो. शेजारीच कॅल्शियमचे बारीक कण असतात. डोके कलले किंवा शरीर पुढे-मागे सरकले, हे त्यांच्यामुळे कळते.

तिसरा बातमीदार मात्र फारसा कुणाला माहीत नसतो. तो म्हणजे पायांचे तळवे, सांधे आणि स्नायू. डोळे मिटूनही आपला गुडघा वाकलेला आहे की सरळ, हे आपल्याला कळते. हे निरोप जाड मज्जातंतूंतून सेकंदाला शंभर मीटरच्या आसपास वेगाने मज्जारज्जूकडे धावतात आणि त्याच्या मागच्या भागातून वर मेंदूकडे जातात.

या तिन्ही बातम्यांचा मेळ मेंदूचा बुंधा आणि डोक्याच्या मागील बाजूचा लहान मेंदू घालतो. काय करायचे ठरले होते आणि प्रत्यक्षात काय घडले, यातील फरक लहान मेंदू क्षणोक्षणी दुरुस्त करतो. दारूचा अंमल याच लहान मेंदूवर होतो, म्हणून दारुड्या झोकांड्या खातो.

डोळे मिटा आणि पाहा

एक बातमीदार बंद पडला तर उरलेले दोघे काम भागवतात. बाबांचा तिसरा बातमीदार, म्हणजे पायांकडून येणारी खबर, बंद पडत चालली होती. दिवसा डोळे ती उणीव भरून काढत. लाईट गेली किंवा तोंडावर पाणी मारताना डोळे मिटले, की फक्त कानावर भार पडे आणि तोल जाई.

मी बाबांना दोन्ही पावले जुळवून उभे केले. डोळे उघडे असताना ते उभे राहिले. "आता डोळे मिटा," म्हणताच ते कोसळू लागले. मी आणि मुलाने धरले. एकोणिसाव्या शतकातील जर्मन वैद्य रोम्बर्ग यांच्या नावाने ही साधी तपासणी आजही केली जाते. दोष लहान मेंदूत असता, तर डोळे उघडे असतानाही ते डळमळले असते.

मग बाबा एकेक सांगू लागले. पायाला मुंग्या येतात. कापसावर चालल्यासारखे वाटते. चप्पल पायातून निसटून मागे राहते, तरी कळत नाही. रक्ततपासणीत ब-१२ जीवनसत्त्व फारच कमी निघाले. हे जीवनसत्त्व मांस, मासे, अंडी आणि दुधातून मिळते. बाबा शाकाहारी. घरात म्हैस होती, पण दूध सगळे डेअरीला जाई. बाबांच्या वाट्याला कोरा चहा. शिवाय उतारवयात ब-१२ शरीरात शोषले जाण्याचे प्रमाणही घटते. ते फार कमी पडले की मज्जातंतूंवरचे आवरण खराब होते आणि मज्जारज्जूच्या मागच्या भागाला त्याचा मोठा फटका बसतो. जुना मधुमेहही पायांची जाणीव अशीच हिरावून घेतो.

जमीन हलते की आपण?

बातमीदार शाबूत असूनही कधी मेंदू चुकीचा अर्थ लावतो. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणेश विसर्जनानंतरच्या गाढ झोपेत, किल्लारी-सास्तूर परिसर भूकंपाने उद्ध्वस्त झाला. त्या भागातून येणारे रुग्ण पुढे कित्येक दिवस सांगत, "बसल्या जागी जमीन हलल्यासारखं वाटतं." जपानमध्ये २०११ च्या मोठ्या भूकंपानंतर डॉक्टरांनी अशाच तक्रारींची नोंद केली. वारंवार धक्के आणि मनातली धास्ती यांमुळे मेंदू शरीराच्या नेहमीच्या झुलण्यालाच भूकंप समजू लागतो. हे वेड किंवा ढोंग नव्हे. अशा माणसाला हसू नये, धीर द्यावा.

काय करावे?

कुशीवर वळताना काही सेकंद घर गरगर फिरले, तर कानातील ते बारीक कण जागचे हललेले असू शकतात. डॉक्टर डोके ठराविक पद्धतीने वळवून ते काही मिनिटांत जागी नेऊ शकतात.

पायांना मुंग्या येत असतील, अंधारात तोल जात असेल, तर ब-१२ आणि साखर तपासून घ्यावी. मधुमेहासाठी मेटफॉर्मिन दीर्घकाळ घेणाऱ्यांनी तर अवश्य. मनाने नुसते फॉलिक अ‍ॅसिड घेऊ नये. त्याने रक्त सुधारल्यासारखे दिसते, पण मज्जातंतूंचे नुकसान चालूच राहते. झोपेच्या आणि रक्तदाबाच्या गोळ्यांनीही तोल जाऊ शकतो, म्हणून चालू असलेली सर्व औषधे डॉक्टरांना दाखवावीत.

वृद्धांच्या उशाशी बॅटरी ठेवावी. न्हाणीत शेवाळ साचू देऊ नये, भिंतीला धरायला दांडी बसवावी. तोंड खुर्चीवर बसून धुवावे. डोळे मिटून उभे राहण्याची चाचणी घरी एकट्याने करू नये.

आणि अचानक तोल जाणे, त्यासोबत बोबडी वळणे, तोंड वाकडे होणे, एका बाजूचा हातपाय लुळा पडणे किंवा एकाचे दोन दिसणे, हे पक्षाघाताचे लक्षण असू शकते. लिंबू पिळण्यात वेळ न घालवता थेट मोठ्या रुग्णालयात न्यावे. गुठळी विरघळवण्याचे औषध पहिल्या साडेचार तासांतच देता येते.

बाबांना ब-१२ ची इंजेक्शने सुरू केली. काही महिन्यांत मुंग्या कमी झाल्या, चाल सुधारली. पण उशीर झाल्याने सारे भरून आले नाही. काठी आणि बॅटरी कायमची सोबतीला राहिली. पुढच्या आषाढीला पायी नव्हे, पण एस.टी.ने ते पंढरपूरला जाऊन आले. प्रसाद द्यायला आले, तेव्हा मी विचारले, "गावात आता काय म्हणतात, बाबा?"

"म्हणतेत, ती सुई आमालाबी लिहून आण!"

सुई सगळ्यांना नको, आधी तपासणी हवी, हे मी त्यांना सांगितले. आणि घरातला म्हातारा डळमळू लागला, तर 'वय झालं' म्हणण्याआधी, 'पिऊन आलाय' म्हणण्याआधी, त्याला एकदा डोळे मिटून उभे करून पाहायला हवे, हे मी स्वतःला सांगितले.