जुन्या चित्रणाची पाठचिकित्सा

हस्तलिखित हाती येताच संपादकाला काही प्रश्न विचारावे लागतात : ही प्रत कोणत्या काळातील, ती कोणत्या प्रतीवरून उतरली, मूळ पाठात कोठे भर पडली वा गळती झाली? जुन्या चित्रपटातील दृश्ये नव्या चित्रपटात योजताना नेमके हेच प्रश्न उद्भवतात. पण पडद्यावर दिसणारे ते घडलेले, या समजुतीमुळे ते पुष्कळदा विचारलेच जात नाहीत.

दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र'चे उदाहरण या दृष्टीने उद्बोधक आहे. ३ मे १९१३ रोजी मुंबईत प्रदर्शित झालेला हा मूकपट चार रिळांचा होता. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने त्या नावाखाली जपलेली रिळे दोनच, पहिले व शेवटचे. फाळक्यांनी १९१७ मध्ये हीच कथा पुन्हा चित्रित केली होती आणि उपलब्ध रिळे या दुसऱ्या चित्रपटाची असावीत, असे मत काही अभ्यासकांनी मांडले आहे. तरीही भारतीय चित्रपटाचा आरंभ दाखविताना हीच दृश्ये १९१३ ची म्हणून योजली जातात. अशा वेळी वादग्रस्त प्रत निर्विवाद पुरावा होऊन बसते.

जतनाची प्रक्रियाही पाठाला स्पर्श केल्यावाचून राहत नाही. मूकपटांच्या काळातील नायट्रेट फिल्म आपोआप विघटित होते. प्रथम चिकट होते, शेवटी तिची भुकटी उरते. ती एकदा पेटली की पाण्यानेही विझत नाही. थंड व कोरड्या कोठारात तिचे आयुष्य वाढते, परंतु अखेर तिची नक्कल करावीच लागते. एका नकलेवरून दुसरी करताना बारकावे पुसट होतात; रंगछटा दिलेल्या प्रतीची नक्कल कृष्णधवल फिल्मवर केल्यास त्या छटाही लोपतात. सेकंदाला सोळा-अठरा चौकटींच्या गतीने टिपलेले दृश्य बोलपटाच्या चोवीस चौकटींच्या गतीने दाखविले, तर गंभीर चालही हास्यास्पद धावपळ वाटते. ती सुधारण्यासाठी काही चौकटी दोनदा छापल्या, तर तोही एक प्रकारचा प्रक्षेपच होय.

म्हणून जुने चित्रण वापरूच नये, असा निष्कर्ष निघत नाही. शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांच्या 'सेल्युलॉइड मॅन' (२०१२) या माहितीपटात जुन्या चित्रपटांतील दृश्ये आणि ती मिळविण्यासाठी संग्रहालयाचे संस्थापक पी. के. नायर यांनी केलेली भ्रमंती एकत्र गुंफलेली आहे. येथे दृश्याबरोबर त्याची वंशावळही प्रेक्षकापुढे येते.

२००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मांचा मोठा साठा नष्ट झाला. अशा प्रसंगी मूळ फिल्म कायमची जाते आणि कोठे एखादी नक्कल उरली असेल, तर तीच एकमेव साक्षीदार ठरते. या साक्षीदाराचे नाव, काळ आणि प्रवास नोंदविणे हे केवळ संग्रहपालाचे काम नव्हे. त्याची साक्ष काढणाऱ्या दिग्दर्शकाचेही ते कर्तव्य आहे.