एक जानेवारीची यादी

नांदगावच्या शाळेत मी भूगोल शिकवते. अक्षांश-रेखांशाचा धडा आला, की मुलांना एका यादीबद्दल सांगतेच. दर १ जानेवारीला भारत आणि पाकिस्तान आपापल्या अणुकेंद्रांचे अक्षांश-रेखांश एकमेकांना कळवतात. कशासाठी, तर त्यांच्यावर हल्ला करायचा नाही म्हणून! करार ३१ डिसेंबर १९८८चा, पहिली यादी १९९२ची. कारगिलनंतरही हा शिरस्ता मोडला नाही. आपल्याकडे तारापूर आहे, ट्रॉम्बे आहे. तिथली अणुभट्टी फुटली तर किरणोत्सर्ग जिल्ह्याची हद्द पाहून थांबणार नाही. अमेरिका आणि सोव्हिएत संघाने १९८७च्या करारानुसार मध्यम पल्ल्याची क्षेपणास्त्रे मोजून नष्ट केली, पण तो करार २०१९ साली संपला. आपला टिकला, याचं मला फार मोल वाटतं. बॉम्ब मात्र त्याने एकही कमी होत नाही. त्यासाठी दोन्ही देशांत अजून करारच नाही.