ताई, चावी दे ना!

सोळा पूर्ण झाली की लर्निंग लायसन्स मिळतं. पण ते ज्या गाडीसाठी मिळतं, ती गाडी शोरूममधून कधीच गायब झालीय. मग घरातली सोळा-सतरा वर्षांची मंडळी चालवतात तरी कोणाची गाडी? अर्थातच तुमची-आमची!

दहावीचा रिझल्ट लागला की पुण्यात घरोघरी दोन प्रश्न चर्चेला येतात. पहिला, सायन्स की कॉमर्स? आणि दुसरा, गाडी कधी? पहिल्या प्रश्नावर मावशी, काका, शेजारचे आजोबा अशी सगळी जनता मत देते. दुसऱ्याचं उत्तर मात्र ठरलेलं असतं. 'सोळा पूर्ण होऊ देत, लर्निंग काढू, मग बघू.'

हे 'मग बघू' फार फसवं प्रकरण आहे. कारण लर्निंग हातात पडलं की कोणी काही बघत नाही. सकाळी सहाचा क्लास असतो, बस वेळेवर येत नाही, आई-बाबा दोघंही ऑफिसच्या घाईत. आणि पार्किंगमध्ये उभी असते एक गाडी. बहुतेक वेळा दादाची, नाहीतर ताईची. पहिल्या नोकरीच्या जोरावर घेतलेली, हप्ते अजून चालू असलेली. म्हणजे, मंडळी, ही गोष्ट फक्त टीनएजर्सची आणि त्यांच्या आई-बाबांची नाही. ती आपली आहे. चावी आपल्याच खिशात असते ना!

पंधरा प्रश्न, नऊ बरोबर

माझी धाकटी मावसबहीण यंदा सोळा पूर्ण झाली. वाढदिवसाच्या दुसऱ्याच दिवशी तिने ऑनलाइन फॉर्म भरला. लर्निंगची फी दीडशे रुपये, परीक्षेचे पन्नास. अठराच्या आतल्या मुलांच्या अर्जावर पालकांची सही लागते, त्यामुळे आरटीओत तिच्यासोबत मावशीही आली आणि 'सोबत म्हणून' मीही.

परीक्षा कॉम्प्युटरवर. पंधरा प्रश्न, प्रत्येकाला अर्धा मिनिट, नऊ बरोबर आले की पास. आमच्या बाईसाहेबांनी आदल्या रात्री जी तयारी केली होती, ती बघून बोर्डाच्या परीक्षेला एवढा अभ्यास का नव्हता, असं मावशीने विचारलंच! गोल पाटी म्हणजे पाळायलाच हवा असा नियम, त्रिकोणी म्हणजे सावधानतेचा इशारा, निळी चौकोनी म्हणजे माहिती. झेब्रा क्रॉसिंगवर पहिला हक्क पायी चालणाऱ्याचा. हे सगळं तिला तोंडपाठ. खरं सांगते, माझ्या ऑफिसातल्या निम्म्या लोकांना गोल आणि त्रिकोणी पाटीतला हा फरक विचारला तर सांगता येणार नाही.

पंधरापैकी चौदा मार्क मिळवून स्वारी बाहेर आली. चेहऱ्यावर ऑलिम्पिक मेडल मिळाल्याचा आनंद. आणि पहिलं वाक्य काय? 'ताई, आता चावी दे ना!'

मी म्हटलं, आधी लायसन्स नीट वाच.

पन्नास सीसीची भानगड

मोटार वाहन कायदा, १९८८ मध्ये नियम स्पष्ट आहे. सार्वजनिक रस्त्यावर गाडी चालवायची तर वय अठरा हवं. सोळा ते अठरासाठी एकच सवलत आहे, ती म्हणजे इंजिन पन्नास सीसीपेक्षा मोठं नसलेली आणि गिअर नसलेली दुचाकी. बस्स. अ‍ॅक्टिव्हा सुमारे ११० सीसीची. ज्युपिटरही त्याच वर्गातली. अ‍ॅक्सेस तर १२४ सीसीची. एवढंच काय, दूधवाल्यापासून भाजीवाल्यापर्यंत सगळे वापरतात ती टीव्हीएसची एक्सएल मोपेडसुद्धा आता जवळपास १०० सीसीची आहे. थोडक्यात, सोळाव्या वर्षी मिळालेल्या लर्निंगवर यातली एकही गाडी चालवता येत नाही.

मग कायदा करणाऱ्यांनी ही पन्नास सीसीची सवलत ठेवली तरी कशाला? त्याचं उत्तर आपल्या आई-बाबांच्या अल्बममध्ये सापडेल. १९७२ साली पुण्याच्या कायनेटिक इंजिनिअरिंगने लूना आणली. पन्नास सीसीची, पेडल असलेली, सायकलची थोरली बहीण म्हणावी अशी. पुढे नव्वदच्या सुमारास बजाजची सनी आली, तीही पन्नास सीसीची आणि खास कॉलेजवयीन मुलामुलींसाठी. त्या काळात सोळा वर्षांच्या मुलीला लायसन्स देणं म्हणजे तिला लूना किंवा सनी चालवायला देणं. वेग कमी, वजन कमी, रस्त्यावर गर्दीही कमी. कायदा आणि बाजार दोघंही एकाच भाषेत बोलत होते.

नंतर बाजार पुढे निघून गेला. टीव्हीएसची स्कूटी १९९४ मध्ये आली तीच साठ सीसीची. २००३ ची स्कूटी पेप पंचाहत्तर सीसीची. धुराचे नियम कडक झाले तशी टू-स्ट्रोक इंजिनं मागे पडली आणि डबलसीट फ्लायओव्हर चढणारी, दमदार गाडी सगळ्यांना हवीशी झाली. लूना बंद झाली, सनीही गेली. कायद्यातलं ते पन्नास सीसीचं वाक्य मात्र जागेवरच राहिलं.

गंमत पुढेच आहे. लर्निंगनंतर तीस दिवसांनी पक्क्या लायसन्सची टेस्ट देता येते. पण ज्या प्रकारच्या गाडीचं लायसन्स मागायचं, त्याच प्रकारच्या गाडीवर टेस्ट द्यावी लागते. म्हणजे पन्नास सीसीची गाडी आणा! आणायची कुठून? कोणाच्या तरी आजोबांनी जपून ठेवलेली, कागदपत्रं चालू असलेली लूना मिळाली तरच.

इलेक्ट्रिकचं काय, असाही प्रश्न येतो. ज्यांची मोटर २५० वॅटपेक्षा कमी ताकदीची आणि वेग ताशी २५ किलोमीटरच्या आत, त्या ई-बाइक्स कायद्याने मोटार वाहनच धरल्या जात नाहीत. त्यांना लायसन्स लागत नाही, नंबर प्लेट लागत नाही. पण दुकानदार डोळा मारून 'मॅडम, थोडं सेटिंग केलं की चाळीसपर्यंत पळते' म्हणाला, की समजून जा. चाळीसने पळणारी गाडी त्या सवलतीत बसत नाही, मग तिच्यावर स्टिकर कोणताही असो.

आरसीवर नाव कोणाचं?

आता आपल्या मुद्द्याकडे येऊ. २०१९ मध्ये कायद्यात दुरुस्ती झाली आणि सप्टेंबर २०१९ पासून कलम १९९-अ लागू झालं. अल्पवयीन मुलाने गाडी चालवताना गुन्हा केला, तर त्याचा पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो. शिक्षा तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास आणि २५ हजार रुपये दंड. गाडीचं रजिस्ट्रेशन बारा महिन्यांसाठी रद्द. आणि त्या मुलाला किंवा मुलीला वयाची पंचवीस वर्षं पूर्ण होईपर्यंत ना लर्निंग, ना पक्कं लायसन्स.

'पालक किंवा मालक' यातला 'मालक' हा शब्द जरा पुन्हा वाचा. आरसी बुकवर तुमचं नाव असेल, तर तो मालक म्हणजे तुम्ही. 'मला माहीतच नव्हतं' म्हणून सुटता येतं का? येतं, पण ते तुम्हाला सिद्ध करावं लागतं. गाडी तुमच्या संमतीनेच दिली होती, असं कोर्ट आधी धरून चालतं.

या कलमात एक सूट आहे आणि ती बहुतेक घरांत अर्धवट ऐकलेली असते. मुलाकडे लर्निंग किंवा पक्कं लायसन्स असेल, तर पालकावर आणि मालकावर हे कलम लागत नाही. आमच्या मावशीनेही हाच युक्तिवाद केला होता, 'अगं, तिच्याकडे आहे ना लर्निंग!' पण अट अशी की, ज्या गाडीचं लायसन्स आहे तीच गाडी ती चालवत असायला हवी. पन्नास सीसीचा कागद खिशात आणि ११० सीसीची गाडी हातात, अशा वेळी तो कागद कोणालाच वाचवत नाही.

विम्याचाही असाच झटका आहे. चालवणाऱ्याकडे योग्य लायसन्स नसेल, तर आपल्या गाडीच्या नुकसानीचा क्लेम विमा कंपनी नाकारू शकते. समोरच्या माणसाला दिलेली भरपाईसुद्धा ती नंतर गाडीमालकाकडून वसूल करू शकते. म्हणजे चावी दोन मिनिटांसाठी दिली आणि हप्ते आयुष्यभराचे लागले, असंही होऊ शकतं.

दंडापलीकडचं

पण खरं सांगायचं तर दंड आणि कलमं हे या प्रकरणातलं सगळ्यात छोटं टेन्शन आहे. रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार २०२२ या एका वर्षात देशात रस्ते अपघातांत १ लाख ६८ हजार ४९१ माणसं गेली. त्यात सगळ्यात मोठा वाटा दुचाकीवरच्यांचा होता, शंभरातले चव्वेचाळीसहून जास्त.

आणि पुणेकरांना १९ मे २०२४ ची पहाट विसरता येणार नाही. कल्याणीनगरमध्ये एका पॉर्शे कारने मोटारसायकलला धडक दिली. पोलिसांच्या म्हणण्यानुसार कार चालवणारा मुलगा सतरा वर्षांचा होता. मोटारसायकलवरचे दोघंही गेले. दोघंही चोवीस वर्षांचे, दोघंही आयटीत नोकरी करणारे. त्या मुलाला आधी जामीन देताना घातलेल्या अटींमध्ये अपघातांवर ३०० शब्दांचा निबंध लिहिण्याची अट होती, त्यावरून देशभर संतापाची लाट उसळली. त्या आठवड्यात आमच्या कट्ट्यावर दुसरा विषय नव्हता. सगळ्यांचा राग त्या कारवर, त्या पैशावर, त्या घरावर. तो रास्तच होता. पण त्याच कट्ट्यावरून उठून एकाने धाकट्या भावाला फोन केला, 'अरे, माझी गाडी घेऊन ये ना इकडे.' भाऊ अकरावीत. कोणाच्या भुवईचा केससुद्धा हलला नाही!

कार कोट्यवधींची असो की स्कूटर लाखभराची, 'दे रे, काही होत नाही' हे वाक्य तेच असतं. मुलगी पंधरापैकी चौदा मार्क मिळवते म्हणजे तिला पाट्या ओळखता येतात. उजवीकडून अचानक घुसणारी रिक्षा, पावसात ऑइल सांडलेलं वळण, मागून हॉर्न वाजवत अंगावर येणारा टँकर, हे त्या पंधरा प्रश्नांत नसतं. ते यायला वेळ लागतो आणि तो वेळ कमी वेगात, कोणीतरी सोबत असताना गेलेला बरा. नियमातही तेच आहे. लर्निंगवाल्यासोबत पक्कं लायसन्स असलेला शिकवणारा हवा. मागच्या सीटवर शिकवणाऱ्याशिवाय कोणालाही बसवायचं नाही. म्हणजे मैत्रिणीला डबलसीट घेऊन क्लासला जाणं तिथेच बाद.

मग नाहीच म्हणायचं?

हो, म्हणायचं. पण नुसतं 'नाही' म्हणून गप्प बसलो तर ती चावी आपण झोपलेले असताना जाणार, हे आपल्यालाही माहितीय. तेव्हा 'नाही'च्या पुढे काहीतरी ठेवावं लागतं.

आमच्याकडे एक सोपा उपाय चाललाय. रविवारी सकाळी गाडी मी चालवते, मावसबहीण मागे बसते, हेल्मेट घालून. काम तिचं. पुढची पाटी कोणती, सिग्नल किती सेकंदांवर आहे, आरशात काय दिसत असेल, डावीकडच्या गल्लीतून कोण येतंय, हे सगळं मोठ्याने सांगायचं. सुरुवातीला तिला हा भयंकर बोअरिंग प्रकार वाटला. आता ती माझ्याच चुका काढते, 'ताई, इंडिकेटर!' रोजच्या क्लाससाठी तिने सायकल आणि मेट्रोचं गणित बसवलंय. पूर्वी हे शहर सायकलींचंच म्हणून ओळखलं जायचं, ते काही उगाच नाही!

सोळाव्या वर्षी काढलेलं लर्निंग वाया जातं, असं मात्र मला वाटत नाही. त्या निमित्ताने नियमांचं पुस्तक एकदा तरी उघडलं जातं, हेही काही कमी नाही. फक्त त्या कागदावर काय लिहिलंय ते घरातल्या मोठ्यांनीही वाचायला हवं. आणि आता घरातले मोठे म्हणजे आपणच आहोत, बॉस! धाकट्या भावंडाचा सोळावा वाढदिवस जवळ आला असेल, तर गिफ्ट म्हणून एक चांगलं हेल्मेट घ्या. मागच्या सीटवर ते आजपासून लागतंच, पुढच्या सीटवर दोन वर्षांनी लागेल.

चौकट
लर्निंगबद्दल एवढं लक्षात असू द्या

- लर्निंग लायसन्स सहा महिने चालतं. पक्क्यासाठी तीस दिवसांनंतर अर्ज करता येतो.
- अठराच्या आत फक्त पन्नास सीसीपर्यंतची, गिअर नसलेली दुचाकी. बाकी सगळ्यासाठी अठरा पूर्ण.
- गाडीच्या पुढे आणि मागे 'एल' पाटी हवी. पांढऱ्या चौकोनावर लाल 'एल', पाटी १८ सेंटीमीटरची, अक्षर साधारण १० सेंटीमीटर उंच. मार्करने कागदावर काढलेला 'एल' चौकातल्या मामांना चालत नाही.
- हेल्मेट चालवणाऱ्याला लागतं, तसंच मागे बसणाऱ्यालाही.