शब्दविज्ञान : एक ‘पाव’, तीन घराणी

पाव किलो साखर, वडापाव आणि नवसाला पाव म्हणून देवाला घातलेलं साकडं. उच्चार एकच, पण या तीन शब्दांचं आपसांत नातं नाही. मग ते सारखे झाले कसे?

मोजमापातला ‘पाव’ संस्कृत ‘पाद’वरून आला. पाद म्हणजे पाय. चार पायांच्या जनावराचा एक पाय म्हणजे चौथा हिस्सा, म्हणून पाद म्हणजे चतुर्थांशही. प्राकृतात दोन स्वरांमधला ‘द’ गळाला, ‘पाअ’ उरलं आणि उच्चार सोपा करायला मध्ये ‘व’ आला. ‘सव्वा’ (सपाद) आणि ‘पाऊण’ (पादाने उणा) याच घरातले.

देवाचं ‘पावणं’ संस्कृत ‘प्राप्’ धातूतलं. इथे ‘प’ मऊ होऊन ‘व’ झाला, जसा ‘दीप’चा ‘दिवा’ झाला.

खायचा पाव मात्र पोर्तुगीज. १५१० मध्ये गोवा जिंकणाऱ्या पोर्तुगीजांच्या भाषेत या पदार्थाला नाकातून उच्चारलेला ‘पांव’सारखा शब्द आहे, त्याचं मूळ लॅटिन ‘पानिस’. पायांनी पीठ मळतात म्हणून पाव, ही समजूत चुकीची. गोव्यातला ‘पोदेर’ (पाव भाजणारा) हा शब्दही पोर्तुगीज ‘पादेइरो’वरून आला. जपानी लोक पावाला ‘पान’ म्हणतात, तेही पोर्तुगीजांमुळेच.

नदीत वेगवेगळे दगड घासून सारखे गोल होतात, तसे शब्द पिढ्यान्‌पिढ्या बोलून झिजतात. शब्द जितका छोटा, तितकी अशी गाठ पडण्याची शक्यता जास्त. तरी गोंधळ होत नाही, कारण अर्थ ठरवायला शेजारचे शब्द मदत करतात.