विश्लेषण : ‘किमान रक्कम’ भरूनही क्रेडिट कार्डाचे कर्ज का फिटत नाही?

क्रेडिट कार्डाचे बिल ५० हजारांचे, पण त्याच बिलावर ‘किमान देय रक्कम’ फक्त अडीच हजार. ती भरली की महिना निभावतो. कर्ज मात्र जागचे हलत नाही. अमेरिकी दिग्दर्शक जेम्स स्करलॉक यांच्या ‘मॅक्स्ड आऊट’ (२००६) या माहितीपटाने हाच सापळा पडद्यावर आणला होता.

माहितीपटात काय आहे?

कमाई नसलेल्या महाविद्यालयीन विद्यार्थ्यांनाही कार्डे कशी वाटली गेली, हे त्यात दिसते. कार्डाच्या कर्जात अडकून जीव दिलेल्या मुलांच्या आया त्यात बोलतात. दिवाळखोरी कायद्याच्या अभ्यासक एलिझाबेथ वॉरन यांचेही विवेचन आहे. सूत्र एकच : वेळेवर सगळे पैसे भरणाऱ्यापेक्षा, पूर्ण भरू न शकणारा पण थोडेथोडे भरत राहणारा ग्राहक बँकांना अधिक फायद्याचा.

अमेरिकेत व्याज इतके वाढले कसे?

बँकेला आपल्या मूळ राज्यातील व्याजदर देशभरातील ग्राहकांना लावता येईल, असा निकाल तेथील सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये दिला. त्यानंतर साऊथ डकोटाने व्याजमर्यादाच उठवली आणि सिटी बँकेने कार्ड व्यवसाय तिथे हलवला.

पुढे काय बदलले?

२००९ च्या कायद्याने, फक्त किमान रक्कम भरल्यास कर्ज फिटायला किती काळ लागेल, हे बिलावर छापणे बंधनकारक झाले. वॉरन यांनी मांडलेल्या कल्पनेतील ग्राहक वित्त संरक्षण यंत्रणेला २०१० मध्ये कायद्याचे रूप मिळाले.

भारतात काय स्थिती?

रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार बिलावर असा इशारा द्यावा लागतो. व्याजाला मात्र निश्चित कमाल मर्यादा नाही. ३० टक्क्यांहून अधिक व्याज ही अनुचित प्रथा ठरवणारा राष्ट्रीय ग्राहक आयोगाचा २००८ चा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये रद्द केला.

गणित कसे चालते?

थकबाकी ५० हजार, व्याज महिना साडेतीन टक्के आणि किमान रक्कम पाच टक्के धरू. पहिल्या महिन्याचे व्याज १,७५० रुपये, त्यावर १८ टक्के जीएसटी ३१५ रुपये. म्हणजे भरलेल्या २,५०० रुपयांतून मुद्दल घटले अवघे ४३५ रुपये! नवी खरेदी न करता वर्षभर असेच भरले, तर ढोबळमानाने २८,६०० रुपये खिशातून जातात आणि कर्ज उरते सुमारे ४५ हजार.

मग करायचे काय?

थकबाकी असेपर्यंत नव्या खरेदीलाही व्याजमुक्त मुदत मिळत नाही. त्यामुळे आधी कार्ड वापरणे थांबवावे आणि किमान रकमेपेक्षा जमेल तितके जास्त भरावे. थकबाकी मोठी असल्यास कमी व्याजाचे कर्ज घेऊन ती फेडण्याचा किंवा हप्ते पाडून घेण्याचा पर्याय तपासावा; त्यावरील शुल्क मात्र आधी विचारून घ्यावे. किमान रक्कम भरल्याने विलंब शुल्क टळते, व्याज नाही.