चिनी शेतकऱ्याचे थकलेले येणे

चीनच्या उत्कर्षाचा विषय निघाला की आपल्याकडील अर्थपंडितांच्या डोळ्यांपुढे शांघायचे मनोरे आणि शेन्झेनचे कारखाने उभे राहतात. ही कथा जेथून खरोखर सुरू झाली ते स्थळ मात्र कमालीचे दरिद्री होते. आन्हुई प्रांतातील फंगयांग हा तो जिल्हा. मिंग घराण्याचा संस्थापक सम्राट ह्याच मातीतला. तरुणपणी त्याने मठातला भिक्षू म्हणून दारोदार अन्न मागितले होते. गावचा पोर सम्राट झाला, पण गाववाल्यांची झोळी काही सुटली नाही. दुष्काळ पडला की फंगयांगचे शेतकरी ढोलकी वाजवीत परमुलखात भीक मागत फिरत.

ह्या जिल्ह्यातील श्याओगांग नावाच्या वीसएक घरांच्या वाडीत १९७८ सालच्या हिवाळ्यात एका रात्री अठरा कुटुंबांचे कर्ते पुरुष एका मातीच्या घरात जमले आणि एका कागदावर त्यांनी अंगठे उठवले. मजकूर थोडका होता. सामुदायिक शेती घरागणिक वाटून घ्यायची. सरकारची लेव्ही ज्याची त्याने भरायची. सरकारकडे धान्य वा पैसा मागायचा नाही. आणि ह्या गुन्ह्याबद्दल म्होरक्यांना तुरुंगात जावे लागले, तर त्यांची मुले अठरा वर्षांची होईपर्यंत बाकीच्यांनी सांभाळायची. संग्रहालयात आज दाखवला जाणारा कागद तोच की मागाहून केलेला, ह्याविषयी शंका घेणारे आहेत. कागद कोणताही असो, भीती खरी होती.

ती का होती, हे समजण्यासाठी थोडे मागे जावयास हवे. १९५० च्या जमीन सुधारणा कायद्याने चीनमधील सुमारे तीस कोटी शेतकऱ्यांच्या पदरात जमीन पडली. त्यापायी लक्षावधी जमीनदारांचे प्राण गेले, हेही नमूद केले पाहिजे. ‘कसेल त्याची जमीन’ हे वचन पुरे झाले असे वाटते न वाटते तोच १९५३ मध्ये सरकारने धान्याचा सगळा व्यापार स्वतःकडे घेतला. धान्य सरकार ठरवील त्या भावाने सरकारलाच घालायचे आणि कारखान्याचा माल मात्र चढ्या भावाने घ्यायचा, अशी ती योजना. पोलादाच्या भट्ट्यांना लागणारे भांडवल शेतकऱ्याच्या खळ्यातून उभे राहिले ते असे. १९५६ पर्यंत जमिनी सहकारी संस्थांत गेल्या आणि १९५८ मध्ये त्या संस्था सुमारे सव्वीस हजार कम्यूनांत विलीन झाल्या. घरच्या चुली विझल्या, सार्वजनिक भोजनगृहे पेटली. त्याच वर्षी जानेवारीत निवासनोंदणीचा, त्यांच्या भाषेत ‘हुकोउ’चा, कायदा आला आणि खेड्यात जन्मलेल्या माणसाला परवानगीवाचून शहरात राहण्याची बंदी झाली.

पुढे जे घडले त्याला नैसर्गिक आपत्ती म्हणणे आम्हांस मान्य नाही. खालच्या अधिकाऱ्यांनी वरच्यांना खूष करण्यासाठी पिकांचे फुगवलेले आकडे कळवले. वरच्यांनी त्या आकड्यांवर लेव्ही बसवली. आणि ती भरताना खाण्याचे, प्रसंगी बियाण्याचेही धान्य उचलले गेले. १९५८ मध्ये वीस कोटी टन असलेले धान्योत्पादन १९६० मध्ये साडेचौदा कोटींच्याही खाली आले. १९५९ मध्ये गावे उपाशी असताना चाळीस लाख टनांहून अधिक धान्य परदेशी निर्यात झाले. लुशानच्या बैठकीत संरक्षणमंत्री पेंग देहुआई यांनी माओंना पत्र लिहून सावध केले. त्यांचे पद गेले. ह्या दुष्काळात किती माणसे मेली ह्याचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. आन्हुईचा क्रमांक सर्वाधिक होरपळलेल्या प्रांतांत लागतो.

तेव्हा वाटून शेती करण्याची युक्ती श्याओगांगला आकाशातून सुचलेली नव्हती. आन्हुईतच १९६१ मध्ये कुटुंबांवर शेताची जबाबदारी सोपवण्याचा प्रयोग झाला होता आणि त्याने माणसे जगली होती. डेंग झियाओपिंग यांचे ते मांजराचे वचन, रंग कोणताही असो, उंदीर पकडते ते मांजर चांगले, हे १९६२ मध्ये ह्याच प्रयोगाच्या समर्थनार्थ उच्चारलेले आहे. आपल्याकडे ते कारखानदारीच्या संदर्भात इतक्यांदा फेकले जाते की त्याचा जन्म बांधावर झाला हेच लोक विसरले. माओंनी त्याच वर्षी प्रयोग बंद पाडला. नंतरची सोळा वर्षे चिनी शेतकरी घंटेच्या ठोक्यावर शेतात गेला, दिवसाचे गुण मांडून घेतले आणि संध्याकाळी परतला. राबणाऱ्याचे व बसणाऱ्याचे गुण जवळजवळ सारखेच असल्यावर राबावे कोणी?

डिसेंबर १९७८ मधील मध्यवर्ती समितीच्या बैठकीस सुधारणापर्वाचा शुभारंभ म्हणण्याचा प्रघात आहे. त्या बैठकीने धान्याचे खरेदीभाव वाढवले हे खरे. पण तिने संमत केलेल्या शेतीविषयक मसुद्यात घरागणिक शेती वाटण्यास स्पष्ट मनाई होती! म्हणजे पक्ष मनाई लिहीत होता आणि त्याच महिन्याच्या आगेमागे श्याओगांगचे लोक ती मोडत होते. ‘गाव करी ते राव न करी’ ही आपली म्हण येथे अक्षरशः खरी ठरली. रावांचे श्रेय इतकेच, आणि ते लहान नव्हे, की ह्या वेळी त्यांनी गावाला चिरडले नाही. आन्हुईचे पक्षप्रमुख वान ली यांनी डोळेझाक केली, मग पाठराखण केली. १९८० मध्ये अतिदरिद्री भागांपुरती मोकळीक मिळाली, १९८२ मध्ये सर्वत्र मान्यता आली, आणि १९८३ अखेर बहुतेक सर्व शेतकरी कुटुंबे स्वतःच्या वाट्याची शेती करू लागली होती. हिशेब सोपा होता: सरकारचे सरकारला द्या, गावाचे गावाला, उरेल ते तुमचे.

१९७८ मध्ये सुमारे साडेतीस कोटी टन असलेले धान्य १९८४ मध्ये चाळीस कोटी सत्तर लक्ष टनांवर गेले. ही सारी किमया वाटणीचीच, असे मात्र आम्ही म्हणणार नाही. माओंच्या काळात खणलेले कालवे, युआन लाँगपिंग यांचे संकरित भात आणि १९७३ मध्ये परदेशांतून मागवलेले खतांचे मोठे कारखाने, ह्यांचा त्यात वाटा होता. अर्थशास्त्रज्ञ जस्टिन लिन यांनी वाढीचा सुमारे अर्धा भाग वाटणीच्या पदरात टाकला आहे. तो पुष्कळच झाला.

शेतात लागणारे हात कमी झाले तेव्हा ते गावच्याच कारखान्यांत गेले. विटा, कापड, सुटे भाग, जे खपेल ते तेथे होऊ लागले. ह्या ग्रामोद्योगांत १९९६ पर्यंत साडेतेरा कोटी माणसे काम करीत होती. हे आपल्याला अनपेक्षित होते, असे डेंग यांनीच १९८७ मध्ये एका परदेशी पाहुण्यापाशी कबूल केले.

किनाऱ्यावरील विशेष आर्थिक क्षेत्रांची कथा आमच्या वाचकांस अधिक जवळची. १९८० मध्ये नेमलेल्या चार क्षेत्रांपैकी झुहाई हे मकावला खेटून आहे. आणि ज्या मकावचा कारभार एकोणिसाव्या शतकापर्यंत गोव्यातील पोर्तुगीज सत्तेच्या अखत्यारीत होता, तेथून आलेल्या भांडवलाने झुहाईच्या उभारणीस हातभार लावला. ह्याच चिनी नमुन्यावर आपल्या देशात २००५ चा ‘सेझ’ कायदा झाला. गोव्यात गावे उठली, ग्रामसभा गाजल्या आणि २००७ च्या अखेरीस राज्य सरकारला सर्व सेझ रद्द करण्याची घोषणा करावी लागली. चिनी शेतकऱ्यापाशी असे साधन नव्हते. त्याची जमीन कागदोपत्री गावाच्या सामूहिक मालकीची. त्याच्याकडे फक्त कसण्याचा करार. (आपल्या गावकरीशी, म्हणजे कोमुनिदादशी, कोणी ह्याची गल्लत करू नये; त्या सामूहिक मालकाचे नाक सरकारच्या हाती असते.) स्थानिक सरकार ती जमीन घेई, शेतीच्या वार्षिक उत्पन्नाच्या फार तर तीसपट भरपाई देई आणि बांधकामासाठी बाजारभावाने विकून मधला नफा खिशात घाली. ही तीसपटीची मर्यादा १ जानेवारी २०२० पासून उठली. तोवर निम्मी शहरे उभी राहिली होती.

त्या शहरांत राबणारे हातही खेड्यांतलेच. आज अशा स्थलांतरित श्रमिकांची संख्या तीस कोटींच्या घरात आहे. हुकोउची बंधने सैल झाली, लहान शहरांतून बरीचशी उठलीही. तरी मोठ्या शहरात घाम गाळणाऱ्याचे मूल तेथल्या शाळेत सुखासुखी बसू शकतेच असे नाही. ते गावी आजीपाशी वाढते. दरम्यान १९९४ च्या करसुधारणेने महसूल बीजिंगकडे वळला आणि रित्या झालेल्या स्थानिक तिजोऱ्यांनी शेतकऱ्यावर नाना पट्ट्या बसवल्या. २००० मध्ये हूबेई प्रांतातील ली चांगपिंग ह्या एका साध्या पक्षसचिवाने थेट पंतप्रधानांना पत्र लिहून खेड्यांची ही दैना कळवली. त्याला नोकरी सोडावी लागली. पण आरोळी ऐकली गेली. १ जानेवारी २००६ रोजी दोन हजार वर्षांहून अधिक काळ चालत आलेला शेतसारा चीनने रद्द केला.

सारा गेला, मागील बाकी राहिली. जागतिक बँकेच्या हिशेबाने चार दशकांत सुमारे ऐंशी कोटी चिनी दारिद्र्यातून वर आले, आणि हा पराक्रम नाकारण्याचा करंटेपणा आम्ही करणार नाही. परंतु ज्यांनी १९५३ पासून पडत्या भावाने धान्य घातले, कम्यूनात बिनमोल राबले, मुले कारखान्यांना आणि जमिनी शहरांना दिल्या, ती पिढी आता सत्तरी-ऐंशीत आहे. ह्या वृद्धांसाठी केंद्र सरकारने ठरवलेले किमान निवृत्तिवेतन २०२४ मध्ये वीस युआनांनी वाढवण्यात आले. वाढीनंतर ते महिन्याला १२३ युआन, म्हणजे सुमारे दीड हजार रुपये झाले. प्रांत त्यात आपली भर घालतात. तरीही शहरातील निवृत्त कामगाराला मिळते त्याच्या तो एक लहानसा अंश ठरतो. ह्यांनी आयुष्यभर भरलेले सरकारी धान्य हीच त्यांची वर्गणी धरावी आणि त्या मानाने वेतन द्यावे, अशी मागणी चीनमधील काही विचारवंत अलीकडे करू लागले आहेत.