पंधरा महिन्यांची हमी

माझ्या परिचयाचे एक निवृत्त शिक्षक पुण्याच्या सदाशिव पेठेतील एका वाड्यात, वडिलांच्या काळापासून, दोन खोल्यांत राहात आले आहेत. वाडा पाडून नवी इमारत बांधावयाची म्हणून मालकाने त्यांच्यावर दावा लावला आहे. मिळणाऱ्या भाड्यात कौलेही शाकारून होत नाहीत, हे मालकाचे म्हणणे खोटे नाही. ‘जागा सोडली आणि इमारत उभीच राहिली नाही, तर मी जावे कोठे?’ हा गुरुजींचा प्रश्नही खोटा नाही. मग दोष शोधावा कोठे?

या पेचाचे मूळ १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्यात आहे. १ सप्टेंबर १९४० रोजी भाड्याने दिलेल्या जागांचे त्या दिवशीचे भाडे हेच ‘प्रमाण भाडे’ ठरले. टंचाईच्या त्या काळात असे संरक्षण आवश्यकच होते. परंतु पुढे किमती वाढत गेल्या आणि भाडे गोठून राहिले. प्रमाण भाड्याच्या या तरतुदी कालौघात अवाजवी ठरल्या आहेत, असे सर्वोच्च न्यायालयानेच १९९७ मध्ये सांगितले. १९९९ च्या नव्या कायद्याने दरसाल चार टक्के वाढ मान्य केली खरी. पण पन्नास रुपयांवर चार टक्के म्हणजे अवघे दोन रुपये! जमीन सोन्याची आणि वास्तू मातीमोल, अशा स्थितीत डागडुजीपेक्षा पडझडच मालकाला लाभदायक वाटू लागली, तर त्यात नवल ते काय?

कायदा भाडेकरूला वाऱ्यावर सोडत नाही, हेही मान्य केले पाहिजे. नव्या कायद्याच्या कलम १६ नुसार मालकाची गरज वाजवी व प्रामाणिक असावी लागते. बांधकामास पुरेसा पैसा त्याच्यापाशी आहे, अशी न्यायालयाची खात्री पटावी लागते. प्रत्येक भाडेकरूला, पाच टक्क्यांच्या फरकाने, पूर्वीइतकीच जागा देण्याची हमी त्याने द्यावयाची असते. ताबा मिळाल्यापासून एका महिन्यात पाडकामास आरंभ, तीन महिन्यांत ते पुरे आणि पंधरा महिन्यांत नवी इमारत, असा क्रमही आखून दिलेला आहे. मात्र ही मुदत न्यायालय वाढवू शकते.

नेमकी येथेच खरी मेख आहे. विलंबाची किंमत कोण मोजतो? मालकाची जमीन थांबल्याने झिजत नाही. साठी उलटलेल्या भाडेकरूचे आयुष्य मात्र झिजते. ज्याच्या हाती काम, त्याच्याच शिरी जोखीम, हा अर्थशास्त्राचा साधा नियम येथे उलटा झाला आहे. म्हणून हमी कागदावर न राहता पैशात उतरली पाहिजे. पर्यायी जागेचे पंधरा महिन्यांचे भाडे मालकाने आधीच न्यायालयात भरावे, बांधकामासाठी बँकेची हमी द्यावी आणि मुदतवाढ मागताना पुढील महिन्यांचे भाडेही भरावे. उलट भाडेकरूनेही नव्या घराला जुने भाडे मागू नये. वाजवी भाडे देण्याची तयारी ठेवावी.

एवढे झाले, तर यांतील कित्येक दावे तडजोडीने मिटू शकतील. गुरुजींचा विरोध नव्या इमारतीला नाही. तिच्यात पाऊल ठेवण्याइतके आयुष्य हाती उरेल ना, एवढीच त्यांची चिंता आहे.